कशामुळे झालं तेवढी एक ओळ कागदावर राहू द्या

प्रति,
सार्वजनिक आरोग्य विभाग, महाराष्ट्र शासन, मुंबई
आणि विम्याचे नियम करणारी इर्डाची मंडळी, हैदराबाद

विषय : कुकर, सिलेंडर, टायर, बॉयलर फुटून जायबंदी झालेल्या माणसांच्या कागदावरून जखमेचं कारणच गायब होतं, त्याबद्दल

नमस्कार,

मी पुण्यात मेडिकल कोडर आहे. म्हणजे अमेरिकेतल्या डॉक्टरांनी लिहिलेले चार्ट वाचायचे, त्यातल्या प्रत्येक आजाराला, जखमेला ठरलेला कोड लावायचा, मग त्या कोडवर तिकडची विमा कंपनी पैसे देते. खराडी, हिंजवडी, मगरपट्टा, शिवाय हैदराबाद, चेन्नई, हजारो पोरंपोरी हेच काम करतात. आमच्या नातेवाइकांना मात्र अजून वाटतं की मी कॉम्प्युटरचं काहीतरी करते, चांगलंच आहे.

तर आमच्याकडे एक कोड आहे. डब्ल्यू ३८, मग एक टिंब, मग तीन वेळा एक्स आणि शेवटी एस. प्रेशरवर चालणारं एखादं उपकरण फुटलं, ते फुटून कधीच झालं, पण त्याचे परिणाम हा माणूस आज भोगतोय, असा त्याचा अर्थ. तीन एक्स नुसत्या जागा भरायला असतात, खरा खेळ शेवटच्या अक्षराचा. ए म्हणजे अजून मूळ जखमेवर उपचार चालू, डी म्हणजे जखम भरत आलीय आणि पेशंट दाखवायला येतोय, आणि एस म्हणजे जखम भरली पण मागे काहीतरी ठेवून गेली. आखडलेली बोटं, जाड झालेला व्रण, कानात सतत वाजणारी शिट्टी, डोळ्यावर आलेला पांढरा डाग. ह्याला सिक्वेला म्हणतात.

नियम साधा आहे. आधी आज जो त्रास आहे त्याचा कोड, मग तो कुठल्या जुन्या जखमेमुळे झाला तिचा कोड एस लावून, आणि मग ती जखम कशामुळे झाली त्याचाही कोड एस लावूनच. म्हणजे एखाद्या बाईचा हात कुकर फुटून भाजला आणि आज व्रणामुळे मनगट वळत नाही, तर आधी व्रण, मग हाताचं जुनं भाजणं, मग डब्ल्यू ३८. कारणाचा कोड कधी पहिला बसत नाही, तो कायम मागेच. आणि मला ह्यात सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे एस लावायला मुदत नाही. सहा महिन्यांनी लावा नाहीतर तीस वर्षांनी लावा, डॉक्टरने चार्टमध्ये संबंध लिहिलेला असला की झालं. भाजण्याच्या बाबतीत तर अजून एक सूट आहे, एकाच माणसाचं एक भाजणं अजून ओलं आणि दुसऱ्याचा व्रण झालेला, तर दोन्ही एकाच वेळी लावता येतात, कारण भाजलेलं सगळीकडे एकदम भरत नाही हे नियम करणाऱ्याला माहीत होतं.

आता तुम्ही म्हणाल अमेरिकेचं कौतुक आम्हाला कशाला. कौतुक नाहीये. त्यांचंही कोडचं जुनं पुस्तक आपल्यासारखंच होतं, आयसीडी म्हणजे आजार-जखमांच्या जागतिक यादीची नववी आवृत्ती, त्यात कुकर आणि गाडीचा टायर एकाच कोडमध्ये कोंबलेले होते, आणि उशिरा दिसणाऱ्या परिणामांना तर "इतर अपघातांचे परिणाम" असं एकच गाठोडं. १ ऑक्टोबर २०१५ ला ते दहाच्या स्वतःच्या आवृत्तीवर आले तेव्हा कुठे बॉयलर डब्ल्यू ३५ मध्ये, गॅसची टाकी नि सिलेंडर ३६ मध्ये, टायर-पाइप-होज ३७ मध्ये, आणि कुकरसारखं बाकीचं ३८ मध्ये आलं, आणि प्रत्येकाला एस लावायची सोय झाली. शिवाय कारणाचा कोड लावलाच पाहिजे अशी सक्ती तिकडेही देशभर नाही, बरेच डॉक्टर लिहीत नाहीत, आणि आम्ही इकडून क्वेरी, म्हणजे डॉक्टरला लेखी प्रश्न, टाकत बसतो.

पण क्वेरी टाकायला जागा तरी आहे! आपल्याकडे ती टाकायची कोणाला?

आपण वापरतो ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी दहा. तिच्यात डब्ल्यू ३५ ते ३८ हे चारही आहेत, अगदी तेच. पण एस नाही. अपघाताला वर्ष उलटलं किंवा डॉक्टरने "उशिराचा परिणाम" असं लिहिलं की ते सगळं जातं वाय ८६ ला. वाहनाचा अपघात असेल तर वाय ८५, आणि बाकी जगातले झाडून सगळे अपघात वाय ८६. म्हणजे नारळाच्या झाडावरून पडून पाठ गेलेला माणूस, विहिरीत पडलेला, कुत्रा चावलेला, आणि कुकरचं झाकण तोंडावर बसलेली बाई, वर्षभराने सगळ्यांचं कारण एकच. जखमेचा कोड वेगळा राहतो म्हणा, भाजण्याच्या परिणामांना टी ९५, हाताच्या जखमेच्या परिणामांना टी ९२ वगैरे, पण काय फुटलं होतं ते गेलं ते गेलंच.

आणि हेही झालं तर. आपल्याकडे कोडिंग होतं ते मुख्यतः ॲडमिट पेशंटचं, डिस्चार्जनंतर एमआरडीत, म्हणजे हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात बसून. मेला तर मृत्यूच्या कारणाचा दाखला भरून घेतात, त्याचं कोडिंग होतं, तिकडे गुन्ह्यांची आकडेवारी ठेवणाऱ्या एनसीआरबीच्या अपघाती मृत्यूंच्या अहवालात बॉयलरचा स्फोट आणि सिलेंडर-स्टोव्हचा भडका असे रकाने पण आहेत. म्हणजे मेलेल्यांची थोडीफार मोजदाद आहे. जगलेला माणूस मात्र पुढची पाच-दहा वर्षं ओपीडीत येतो, कधी हाडाच्या डॉक्टरकडे, कधी कानाच्या, कधी प्लास्टिक सर्जनकडे, आणि ओपीडीच्या केसपेपरला कोड कोण लावतंय. माझं सगळं म्हणणं ह्या जगलेल्या माणसाबद्दल आहे.

कागदावर हे कसं होतं ते घरचंच सांगते. माझ्या मामाचं सोलापूर हायवेला पंक्चरचं दुकान आहे. ट्रकचा टायर, शंभर पीएसआयच्या वर हवा, रिम जुन्या पद्धतीची, लॉक रिंगवाली. हवा भरताना रिंग नीट बसली नव्हती, सुटली, आणि स्फोट. उजवा हात कोपराखाली दोन ठिकाणी मोडला, करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट आजही सरळ होत नाही, गालावर टाके. जिवावरचं हातावर निभावलं असं सगळे म्हणाले, आणि ह्या वेळी ते अक्षरशः खरंच होतं.

पहिल्या रात्रीचा कॅज्युअल्टीचा कागद मी पाहिलाय, कार्बन कॉपी, निळी शाई पसरलेली. त्यावर नीट लिहिलंय, हवा भरताना टायर फुटल्याची हिस्टरी, वेळ, जागा सगळं. ते कोणी लिहिलं त्या डॉक्टरला माझा नमस्कार. तिथून पुढे मात्र एकेक कागद वाचा. डिस्चार्जवर "क्रश इंज्युरी, उजवा फोरआर्म", कशाने क्रश झाला ते नाही. विम्याच्या फॉर्मवर रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंटवर टिक! का, तर टायर आणि हायवे. मग टीपीएचं, म्हणजे विम्याचे क्लेम तपासणाऱ्या मधल्या कंपनीचं पत्र आलं की एफआयआरची कॉपी, गाडीचं आरसी बुक आणि ड्रायव्हिंग लायसन्स जोडा. मामा म्हणाला अगं गाडी माझी नव्हतीच, मी खाली उकिडवा बसलो होतो. पुढच्या वर्षीच्या ओपीडीच्या कागदावर फक्त "ओल्ड ट्रॉमा". आणि त्याच्या पुढे मामी त्याला कानाच्या डॉक्टरकडे घेऊन गेली, कारण टीव्ही फार मोठ्याने लावतात आणि रात्री कानात शिट्टी वाजते म्हणतात, तर तिथल्या कागदावर दोन्ही कानांना नसेचा बहिरेपणा आणि पुढे "वयोमानानुसार" आणि एक प्रश्नचिन्ह. मामा तेव्हा पन्नाशीला पण आला नव्हता. त्या डॉक्टरचीही काय चूक, त्याच्यासमोर जो कागद होता त्यावर स्फोट हा शब्दच नव्हता, आणि मामाला वाटलं हाताचं दुखणं कानाच्या डॉक्टरला कशाला सांगायचं.

कान हा खरं तर ह्या सगळ्यात पहिला विचारायचा अवयव. स्फोटाच्या दाबाला शरीरात सगळ्यात आधी कानाचा पडदा बळी पडतो, ५ पीएसआयच्या आसपासच तो फाटू शकतो. पडदा पुष्कळदा आपोआप भरतो, पण आतल्या नसेचं नुकसान झालं असेल तर ते हळूहळू कळतं, आणि तोपर्यंत हाताचं प्लास्टर निघालेलं असतं नि फाइल बंद.

तुमचा क्लेम फॉर्म एकदा समोर घ्या, इर्डावाल्यांनो. हॉस्पिटलने भरायच्या भागात आयसीडी दहाचा कोड लिहायला चौकटी आहेत, चांगली गोष्ट आहे. त्याच्या खाली, इजा झाली असेल तर कारण द्या, आणि पर्याय तीन. स्वतः करून घेतलेली, रस्त्यावरचा अपघात, नाहीतर दारू-नशा. संपलं. कुकर फुटला तर ती बाई ह्यात कुठे बसते? आत्महत्या, गाडी की दारू? मग हॉस्पिटलचा बिलिंगचा पोरगा एक तर रिकामं सोडतो, नाहीतर जे जवळचं वाटेल त्याला टिक करतो, आणि तो टिक पुढे सगळीकडे त्या माणसाच्या मानगुटीवर बसतो.

आणि गंमत अशी की तुम्हालाच पुढे कारण हवं असतं. पॉलिसीतल्या ठरावीक वगळण्यांमध्ये आठवा नंबर कॉस्मेटिक आणि प्लास्टिक सर्जरीचा आहे. त्यात स्वच्छ लिहिलंय की अपघात, भाजणं किंवा कॅन्सर ह्यांच्यानंतरची दुरुस्ती असेल तर ती वगळलेली नाही. फार चांगलं कलम आहे. पण आखडलेला व्रण सोडवायचं ऑपरेशन दोन-तीन वर्षांनी करायचं ठरतं, तेव्हा प्री-ऑथच्या, म्हणजे आगाऊ मंजुरीच्या कागदावर नुसतं "व्रण, उजवा हात" असतं, आणि तिकडच्या टेबलावरचा माणूस विचारतो की ही कॉस्मेटिक कशावरून नाही. त्यात मधे पॉलिसी बदलली असेल तर दुसरा प्रश्न, हे आधीपासूनचं दुखणं का? तारीख कोणी लिहिलीय? पेशंटने मग कागदांची पिशवी उपसायची आणि पहिल्या रात्रीचा कागद शोधायचा, जो पावसात भिजला किंवा हॉस्पिटलच बंद झालं. एवढ्या सगळ्या पत्रव्यवहाराला एक ओळ पुरली असती हो, "अमुक तारखेला कुकर फुटून भाजल्याचा हा व्रण, बोटाची हालचाल अडकल्यामुळे ऑपरेशन".

आता आरोग्य विभागाकडे येते. कारण लिहायचं म्हणजे नीट लिहायचं, हाही मुद्दा आहे, आणि तो वर्तमानपत्रांवर सोडून चालत नाही. "सिलेंडरचा स्फोट" अशी बातमी आपण किती वेळा वाचतो. त्यातल्या बऱ्याच ठिकाणी सिलेंडर फुटलेलाच नसतो, रेग्युलेटर किंवा नळी गळते, गॅस खोलीत भरतो, कोणीतरी लाइटचं बटण दाबतं आणि भडका उडतो, १४.२ किलोची ती लाल टाकी तिथे सबंधच्या सबंध उभी असते. आमच्या भाषेत हे दोन वेगळे कोड आहेत, टाकी फाटली तर डब्ल्यू ३६ आणि गॅस पेटला तर डब्ल्यू ४०. जखमाही वेगळ्या. गॅसच्या भडक्यात चेहरा, हात, उघडं अंग होरपळतं आणि श्वासातून आत जातं, टाकी फाटली की पत्र्याचे तुकडे, मोडलेली हाडं, कान. आणि उपायही वेगळा, एकात नळी बदला आणि दुसऱ्यात टाकीची तपासणी कोणी केली ते बघा. ह्या टाक्यांचे नियम बघणारं पेसोचं मुख्य ऑफिस आपल्याच नागपुरात आहे म्हणून मुद्दाम सांगितलं.

डोंबिवलीला २३ मे २०२४ ला एमआयडीसीत स्फोट झाला तेव्हाही आधी सगळीकडे बॉयलर, बॉयलर, आणि मग कळलं की रिॲक्टर, म्हणजे रसायनांची प्रक्रिया करायची टाकी. हा फरक नुसता शब्दांचा नाही, बॉयलरला इन्स्पेक्टर असतो, कायदा असतो, १९२३ पासून होता, आता २०२५ चा नवीन आहे. रिॲक्टरला तो बॉयलरवाला इन्स्पेक्टर लागू नाही. आता तिथे काचा घुसून ज्यांचे डोळे अधू झाले, ज्यांचे कान गेले, त्यातले किती लोक आज कुठल्या ओपीडीच्या कागदावर "ओल्ड ट्रॉमा" म्हणून फिरत असतील.

कुकरचं तर विचारू नका. घरातला कुकर साधारण दर चौरस सेंटिमीटरला १ किलो जादा दाबावर चालतो, म्हणून आतलं पाणी १२० डिग्रीच्या आसपास जातं. झाकण सुटलं की ते पाणी जागच्या जागी वाफ होऊन बाहेर येतं, वरून डाळ चिकटते ती वेगळीच, चिकटलेली डाळ पाण्यापेक्षा जास्त वेळ भाजत राहते. केसपेपरवर येतं "गरम पाण्याने भाजले". झालं, कुकर गायब. मग शिट्टी नकली होती का, सेफ्टी व्हॉल्व्ह बदलायला झालेला होता का, आयएसआयचा शिक्का होता का, हे कोण कोणाला विचारणार. २०२१ च्या फेब्रुवारीपासून आयएसआय मार्क नसलेला कुकर विकायचाच नाही असा केंद्राचा आदेश आहे, पण तो आदेश कामाला येतोय की नाही हे हॉस्पिटलच्या दारात मोजलं तरच कळेल ना.

तिकडे अमेरिकेत काय होतं ते बघा. त्यांच्याकडे कोडिंगच्या शिवाय वेगळी एक व्यवस्था आहे, नाइस म्हणतात, साधारण शंभर हॉस्पिटलांच्या इमर्जन्सीत जखमेसोबत कुठली वस्तू होती तिचा नंबर आणि दोन ओळींची हकिगत लिहून घेतात. नोव्हेंबर २०२० मध्ये तिथे एका कंपनीचे नऊ लाखांवर इलेक्ट्रिक कुकर परत मागवले, तेव्हा झाकण उडाल्याच्या तक्रारी होत्या ११९ आणि त्यात भाजलेले ९९. तक्रारी फक्त ११९! हजारो लोक मरावे लागले नाहीत. ११९ लोकांच्या बाबतीत कुकरचं नाव कुठेतरी लिहिलं गेलं, एवढंच. आपल्याकडे सरकारच्याच बर्न प्रोग्रामचा अंदाज आहे की वर्षाला ७० लाख लोक भाजतात, १ लाख ४० हजार दगावतात आणि २ लाख ४० हजार जणांना अपंगत्व येतं. ह्या २ लाख ४० हजारांत कुकर किती, स्टोव्ह किती, गॅसची नळी किती? जखमेचं कारण मागेच राहिलं तर ही फोड करायची कशातून.

आता डॉक्टरांची बाजू. मला माहीत आहे रात्री दोनला सिव्हिलच्या कॅज्युअल्टीत काय चाललेलं असतं, एक इंटर्न, तीन स्ट्रेचर, आणि बाहेर पेशंटपेक्षा नातेवाईक जास्त. त्याने तेव्हा कोड लावावा असं मी म्हणतच नाही. पण पाहा, पहिल्या रात्री तो बिचारा लिहितोच बहुतेक वेळा, एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवायची केस असते म्हणून लिहावंच लागतं. कारण गळतं ते नंतर, निवांत वेळी, छापील डिस्चार्ज समरीवर, कॉपी-पेस्टमध्ये.

आणि काही ठिकाणी गळत नाही, गाळलं जातं. हे पण बोलूया की. छोट्या कारखान्यात काही फुटलं की मालक कामगाराला खासगी दवाखान्यात नेतो, बिल भरतो, आणि कागदावर "घरी पडले" येतं. मालकाला इन्स्पेक्टर नको, दवाखान्याला पोलिस नको, कामगाराला नोकरी हवी, तिघांचं जमतं. बॉयलरच्या जुन्या कायद्यात चोवीस तासांत लेखी कळवायची सक्ती होती, तेवढ्याचसाठी बॉयलरचा "जिना" होतो. इकडे इचलकरंजी-सोलापूरकडच्या सायझिंग-प्रोसेसिंगमध्ये काम केलेल्या कोणालाही विचारा, हसेल. पाच वर्षांनी त्याच कामगाराला नुकसानभरपाई किंवा ईएसआयकडून अपंगत्वाचा लाभ मागायचा असतो, आणि त्याच्याच सहीच्या कागदावर तो जिन्यावरून पडलेला असतो. बाईच्या भाजण्याचं तर अजून नाजूक, तिथे "कुकर फुटला" हे कधी खरं असतं आणि कधी सासरी दुसरंच काही झालेलं असतं, म्हणून तर नुसतं गरम पाणी न लिहिता काय फुटलं, झाकण कुठे पडलं, शेगडीवर काय होतं हे विचारायला हवं. नीट विचारलं तर दोन्हीकडे न्याय होतो.

कारण बघायचं नाही असं कायदाही म्हणत नाही. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत ॲसिड हल्ल्याच्या पीडितांचा प्रकार स्वतंत्र आहे, म्हणजे कायद्याने तिथे जखम कशामुळे झाली हेच धरलंय, आणि ते योग्यच आहे. पण स्फोटात तसाच चेहरा गेलेल्या माणसाला नुसत्या व्रणावर जागा नाही, त्याला हालचाल किती अडते, नजर किती, कान किती असं करत करत ४० टक्के गाठावे लागतात. अपंगत्वाचा दाखला देणाऱ्या बोर्डासमोर हाताचा कागद एका डॉक्टरचा, कानाचा दुसऱ्याचा, डोळ्याचा तिसऱ्याचा, आणि तिन्ही एकाच स्फोटाचे आहेत हे सांगणारा कागद एकही नाही.

भाजल्याच्या जुन्या व्रणात वीस-तीस वर्षांनी कातडीचा कॅन्सर होऊ शकतो, डॉक्टरांना हे शिकवतात, मार्जोलिन अल्सर म्हणून. न भरणारी चिघळलेली जखम घेऊन साठीची बाई येते, म्हणते साधं काहीतरी लागलं, आणि तिच्या पंचविशीत स्टोव्ह फुटला होता हे कोणी विचारलं तरच निघतं. आमच्याकडे एसला मुदत का नाही हे त्या बाईकडे बघून कळतं. आपल्या आयसीडीत तर एक वर्षानंतर सगळे वाय ८६.

मनाचं मी जास्त लिहीत नाही, पण कुकरची शिट्टी झाली की अंगाला कापरं भरणाऱ्या बायका मला माहीत आहेत, आणि हे कोणी चार्टमध्ये लिहीत नाही.

मग मी मागतेय काय? उद्यापासून अख्ख्या महाराष्ट्राने एस लावा असं नाही, ते आपल्या हातात नाही, पुस्तकच तसं नाही. केसपेपर, डिस्चार्ज कार्ड आणि ओपीडीच्या फॉलोअपवर एक छापील ओळ द्या: कधी, कुठे, काय फुटलं, काय करताना. चार शब्दांची जागा. आणि एमआरडीला सांगा की ही ओळ मागच्या कागदावरून पुढच्या कागदावर उतरवायचीच, जशी औषधाची ॲलर्जी उतरवतात तशी. वाय ८६ लावा खुशाल, पण शेजारी ती ओळ राहू द्या. फुले योजनेच्या आणि आयुष्मानच्या पेशंटचं तर सगळं पोर्टलवरच भरतात, तिथे एक रकाना वाढवायला छापखान्याचीही गरज नाही.

डिजिटलवाल्यांसाठी वेगळं सांगते. आरोग्याच्या नोंदींचा आभा नंबर आता पुष्कळांकडे आहे, चौदा आकडी, आणि दवाखान्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये स्नोमेड, म्हणजे वैद्यकीय शब्दांची ठरलेली यादी वापरायचं ठरलंय, आपला देश २०१४ पासून त्याचा सभासद आहे आणि त्याचं राष्ट्रीय केंद्र इथे पुण्यातच सी-डॅकमध्ये आहे. आयसीडी अकरा १ जानेवारी २०२२ पासून जगात लागू झालीय, तिच्यात तर मूळ कोडला कुठली वस्तू, कुठली जागा, काय करताना असे जोडकोड लावायची सोयच आहे. म्हणजे तंत्र आहे. पण सॉफ्टवेअर आकाशातून कारण आणणार नाही, कोणीतरी विचारून टाइप केलं पाहिजे, आणि ते विचारायची सवय ह्या कागदी ओळीनेच लागेल. नाहीतर काय होईल मी लिहून देते, कारणाच्या रकान्यात ड्रॉपडाउनमधलं पहिलं जे असेल ते सगळ्यांना लागलेलं असेल.

इर्डाकडे मागणी छोटी आहे. त्या तीन चौकटींच्या शेजारी चौथी टाका, "इतर अपघात, कोणता ते लिहा". आणि पूर्वीच्या इजेचा परिणाम असेल तर मूळ अपघाताची तारीख लिहायला एक जागा. टीपीएच्या निम्म्या क्वेरी तरी कमी होतील असं मला क्वेरी वाचून वाचून वाटतं, म्हणजे तुमचाही फायदाच.

आणि जे वाचताय त्यांना, घरात कोणी असं भाजलेलं, जखमी झालेलं असेल तर पहिल्या रात्रीच्या कागदाचा फोटो काढून ठेवा, आणि पुढच्या प्रत्येक डॉक्टरला, कानाच्या, डोळ्याच्या, अगदी दाताच्या पण, सांगा की अमुक साली अमुक फुटलं होतं, हे कागदावर लिहा. ते कंटाळले तरी सांगा. मामाच्या बाबतीत आम्ही कानाच्या डॉक्टरकडे तो कार्बनचा कागद घेऊन परत गेलो, त्यांनी नीट वाचला, खोडलं आणि "स्फोटानंतरचा बहिरेपणा" असं लिहून खाली तारीख टाकून सही केली. विम्याचं अजून चालू आहे, आता ते म्हणतात की मूळ फॉर्मवरचा रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंटचा टिक हॉस्पिटलने लेखी दुरुस्त करून द्यावा, आणि हॉस्पिटल म्हणतं फॉर्ममध्ये दुसरा पर्यायच नाही तर दुरुस्त काय करू.

तेवढी चौथी चौकट बघा जमली तर.

आपली,
एक मेडिकल कोडर, पुणे